रेड्याची लाल जीभ

परवा नातीच्या शाळेची तयारी चालली होती, तेव्हा सुनेनं पाण्याचा नवा ग्लास काढून दाखवला. उंच, स्टीलचा, झाकणाचा, वर नळी. नळीच्या टोकावर रबराचं अस्वल बसवलेलं, कडीला ससा लटकवलेला, अंगभर फुगीर चित्रं चिकटवलेली. "आई, हे सगळं सुटं मिळतं आता. आपल्या आवडीनं लावायचं," ती म्हणाली. मी "व्हय का?" म्हटलं आणि मेथी निवडत राहिले. तिला काय सांगणार? हा उद्योग आम्ही तांड्यावर, दगडाच्या भिंतींच्या घरात बसून केलेला आहे, आणि त्याच्यापायी माझ्या भावजयीची तीन बोटं मोडली. ती कशी मोडली हे तांड्यात सगळ्यांना ठाऊक होतं. कुणामुळे मोडली हे फक्त दोघींना ठाऊक आहे असं मी धरून चालले होते, तिला आणि मला.

आमचा तांडा गोरेगावच्या वरच्या माळावर. तीस-पस्तीस घरं, एक विहीर, एक लिंबाचं झाड आणि भरपूर आरडाओरडा. घरात आम्ही गोरमाटी, म्हणजे आमची बंजाऱ्यांची बोली, बोलायचो. इथे मी ते सगळं मराठीत लिहिते आहे, कारण माझ्या नातीला आता तेवढंच कळतं. आमचं घर मारकुटं होतं. बापू, म्हणजे माझा बाप, बैलाला मारायचा, बैल हलला नाही तर भावाला मारायचा. याडी, म्हणजे माझी आई, चुलीपुढून उठायचीसुद्धा नाही. बसल्या जागेवरून लोखंडी फुकणी अशी फेकायची की ती नेमकी नडगीवर बसायची. लालसिंग हा माझा थोरला भाऊ. तो सगळ्यांचं बघून शिकला आणि सगळ्यांच्या पुढे गेला. मीही काही गरीब गाय नव्हते. शाळेत एकीनं मला "तांड्याची" म्हणून नाक मुरडलं, तेव्हा मी पाटीनं तिचा पुढचा दात पाडला होता, आणि तो दात मी तीन दिवस परकराच्या गाठीत बांधून हिंडत होते. बोकड कापायचा असला की मान धरायला मला बोलवायचे. रक्त परातीत झेलायचं, हातानं ढवळत राहायचं म्हणजे गोठत नाही, मग त्याची सळोई शिजवायची. मिरची, मीठ आणि ते रक्त. तिचा वास आला की मी शाळेतून पळत यायचे. आजही तोंडाला पाणी सुटतं, खोटं कशाला बोलू?

या घरात जमना आली. लालसिंगची बायको, माझी भोजाई. कुरुंद्याकडच्या तांड्यातली, हळद शिजवणाऱ्या घरातली. अंगानं बारीक, आवाजानं त्याहून बारीक, पण सुई हातात आली की तिच्यापुढे कुणाचं चालत नसे. टाका इतका बारीक की याडी डोळ्यांपाशी नेऊन बघायची आणि काही न बोलता खाली ठेवायची. याडीचं काही न बोलणं म्हणजे आमच्याकडे शाबासकीच. लालसिंग तिला मारायचा. भाकर करपली म्हणून, भाकर कच्ची राहिली म्हणून, आणि भाकर बरोबर झाली तर हसली काहून म्हणून. मार खाऊन झाला की ती तोंड धुवायची आणि शिवायला बसायची. मला तिचा राग यायचा. "उलटून एक तरी दे की त्याला," मी म्हणायचे. ती म्हणायची, "तुझे हात चालतात, माझी सुई चालते. ज्याचं त्याला."

ग्लासाचं असं झालं. गोरेगावात हमीदाखालाचं कटलरीचं दुकान होतं. बांगड्या, रिबिनी, टिकल्या, पावडर. तिनं एकदा अकोल्याहून प्लास्टिकचे झाकणाचे, नळीचे ग्लास आणले. जमनानं आपल्या पोरासाठी, बबलूसाठी, एक घेतला. बबलू तेव्हा दोन-अडीच वर्षांचा, अंगावरचं दूध नुकतंच तुटलेलं, आणि पाण्याचा कट्टर वैरी. ग्लास पुढे केला की हात मारून उडवायचा. मग जमनानं त्या ग्लासाला कपड्याची गवसणी शिवली. तिला ती 'ग्लासाचं झबलं' म्हणायची. पुढे अस्वलाचं तोंड, डोळ्यांना आरशाच्या दोन टिकल्या, दातांना कवड्या, झाकणावर दोन गुबगुबीत कान आणि नळीला एक घुंगरू. ओढलं की वाजायचं. बबलूनं अस्वलाकडे पाहिलं, अस्वलाच्या डोळ्यांत स्वतःकडे पाहिलं आणि सगळा ग्लास रिकामा केला. मग दिवसभर पाणी पाणी करून त्यानं आम्हाला वात आणला, आणि त्या आठवड्यात घरातली एकही गोधडी कोरडी राहिली नाही.

बाजारच्या दिवशी हमीदाखालानं तो ग्लास बबलूच्या हातात बघितला आणि जमनाचा हातच धरला. "बेटी, ऐसे और बना. मेरे दुकान में रख, फिर देख." बनवले. मीही मदतीला बसले. कापायचं काम माझं, शिवायचं तिचं. ससा झाला, मांजर झालं, डोक्यावर तुरा असलेला पोपट झाला. प्रत्येकाचा स्वभाव वेगळा. ससा भित्रा, त्याचे डोळे दोन दिशांना. मांजर लबाड, एक डोळा मिटलेला. गावातली पोरं दुकानापुढे आयांचे पदर ओढायची, रस्त्यात लोळण घ्यायची, एका मास्तरच्या पोरीनं तर सशापायी सख्ख्या भावाला ओरबाडलं. ते ऐकून जमना इतकी हसली की तिचा फुटलेला ओठ पुन्हा उसवला.

मग तिनं रेडा केला. काळा, रुंद कपाळाचा, शिंगं आत वळलेली, डोळे वटारलेले, पण जीभ बाहेर काढलेली. लांब लाल जीभ, हनुवटीच्या खालपर्यंत लोंबणारी, ओढली की हलणारी. वटारलेले डोळे आणि ती जीभ एकत्र बघितली की हसू आवरायचं नाही. हा कोण, असं मी विचारलं, तर तिनं दातांत दोरा धरल्याधरल्याच मान हलवली. सांगितलं नाही. मला जे समजायचं ते समजलं. रेडा सगळ्यांच्या वर गेला. हमीदाखालानं निरोप धाडला, पुढच्या बाजाराला बारा रेडे पाहिजेत.

अडचण आली ती जिभेची. लाल चिंध्या आमच्या तांड्यात पैशाला पासरी. आमच्या बायकांचे फेटिये, म्हणजे घागरेच, लाल. पण ते लाल धुतलं की सुटायचं. पहिल्या रेड्याची जीभ ओली झाली आणि एका पोराच्या तोंडाला, हनुवटीला, सदऱ्याला सगळीकडे लाल लागलं. त्याची आई पोराला रक्त आलं म्हणून बोंबलत दुकानात आली. खाला म्हणाली, पक्का रंग असेल तरच आणा, नाहीतर आणू नका. बाजार दोन दिवसांवर आलेला. जमना गहू काढायला शेतात गेली होती. अकरा रेडे आणि बारावा अर्धा, सगळे बिनजिभेचे, माझ्यापुढे ओळीनं पडलेले. मला तेव्हा वाट बघणं म्हणून माहीत नव्हतं. मी उठले, ट्रंक उघडली आणि लालसिंगच्या लग्नाचं पागोटं काढलं. गडद लाल, पिवळ्या काठाचं, बापूनं हैद्राबादेहून आणवलेलं. ओल्या बोटानं घासून बघितलं. रंग सुटला नाही.

आमच्या तांड्याची एक रीत होती. नवऱ्याच्या लग्नाचं पागोटं तो जिवंत असेपर्यंत फाडायचं नाही. तो मेला की बायकोनं स्वतःच्या हातानं त्याचा तुकडा फाडायचा आणि चितेवर टाकायचा. हे मला माहीत नव्हतं असं मी पुढे कित्येक वर्षं स्वतःला सांगत आले. माहीत होतं. सतरा वर्षांची घोडी होते मी, दोन मयती डोळ्यांनी बघितल्या होत्या. पण ते बायकोसाठी, बहिणीच्या कात्रीला काय होतंय, असा काहीतरी विचार केला असेन. किंवा तेवढाही केला नसेन. मला लाल कापड हवं होतं आणि समोर लाल कापड होतं. काठाकडून वीतभर कापलं आणि बारा जिभा केल्या.

जमना शेतातून आली, डोक्यावरचा भारा उतरवला, जिभा बघितल्या आणि पिवळा काठ ओळखला. तिनं माझ्या कानफटात अशी दिली की मी चुलीच्या राखेत जाऊन पडले. तिनं कुणावर हात उगारलेला मी तेवढाच पाहिला. मग ती खालीच बसली. "गंगू, काय केलंस गं तू?" मी राख झाडत म्हणाले, "जोडून टाकू परत." ती म्हणाली, "कापलेलं कुटं जोडता येतं?" माझी सोयरीक तेव्हा कनेरगाव नाक्याजवळच्या तांड्यात ठरली होती; गूळ वाटून झाला होता. भावाच्या पागोट्याला जितेपणी कात्री लावणारी पोरगी कुणीच घरात घेतली नसती. हे तिला माझ्याआधी सुचलं. "कुणापाशी बोलू नगस," ती म्हणाली. पागोटं घडी करून, कापलेली बाजू आत घालून, तिनं ट्रंकेच्या तळाशी ठेवलं. आणि जिभा शिवल्या. आता कापलंच आहे तर वाया कशाला, असा तो हिशेब. गरिबाघरच्या बायका संकटातसुद्धा कापड टाकत नाहीत.

बाजारच्या दिवशी लालसिंग बैलाच्या दावणीसाठी गोरेगावला गेला. खालाच्या दुकानापुढे बारा रेडे ओळीनं टांगलेले, वाऱ्यानं बारा जिभा हलून राहिलेल्या, आणि पोरं हसत होती. आधी तोही हसला म्हणे. मग पिवळा काठ दिसला.

तो आला तेव्हा जमना भाकरी थापत होती. मी उंबऱ्यात बसून ज्वारी पाखडत होते. त्यानं रेडा तिच्या परातीत टाकला. पिठाचा लोट उठला.

"हे कापड कुटलं?"

तिनं पिठातला रेडा उचलून बाजूला ठेवला.

"म्या इचारून राहिलो. हे कुटलं? मी मेलो का? सांग की, मी मेलो का?"

त्यानं तिचे केस धरले. कानाशी केसांत गुंफलेली चांदीची घुगरी केसांसकट उपटून आली आणि भिंतीवर आपटली. त्यानं तिला चुलीपाशी ओढलं, मग चुलीपासून दारापर्यंत. लाथ बसली की तिच्या तोंडून नुसती हवा निघायची, आवाज नाही. याडी म्हणाली, "बाहेर न्हाई, घरातच मार, लोक बघून राहिलेत." हे तिचं वाक्य मी जसंच्या तसं लिहिते आहे. याडी आता नाही, आणि ती वाईट बाई नव्हती. मग लालसिंगची नजर कोपऱ्यातल्या मुसळाकडे गेली. "कोणत्या हातानं कापलंस? या?" त्यानं तिचा उजवा हात उंबऱ्याच्या दगडावर दाबून धरला. मी त्या उंबऱ्यावरून नुकती उठले होते. एक वाक्य पुरलं असतं. मी कापलं, दादा. चार शब्दसुद्धा नाहीत. जमनानं माझ्याकडे बघितलं. मुसळ खाली आलं. ओलं लाकूड मोडताना येतो तसा आवाज झाला, आणि तेव्हा ती पहिल्यांदा ओरडली.

दुसऱ्यांदा मुसळ वर गेलं तेव्हा मी चुलीतलं जळकं लाकूड ओढलं आणि त्याच्या पाठीवर घातलं. सदरा पेटला. त्यानं वळून मला उचलून भिंतीवर आपटलं. माझं मनगट निखळलं, आजही पावसाळ्यात ठणकतं. मी पुन्हा उठले आणि त्याच्या मांडीला चावले, कातडं तोंडात येईपर्यंत. शेजारच्या बापयांनी येऊन आम्हाला सोडवलं. सगळा तांडा म्हणायला लागला, पोरगी वाघीण हाय, भोजाईसाठी सख्ख्या भावाला जाळायला निघाली. माझे हात चालले होते, पाय चालले, दातही चालले. तोंड तेवढं चाललं नाही. मार खायची मला भीती नव्हती, ती कधीच नव्हती. भीती होती ती सोयरीक मोडायची, लिंबाखाली बापयांपुढे उभं राहायची, 'भावाचा काळ' हे नाव जन्मभर चिकटायची. लोक अजूनही मला धीट समजतात. मी कुणाला अडवत नाही.

चार दिवसांनी लिंबाखाली नसाब बसला. नसाब म्हणजे तांड्याची पंचायत, नायक म्हणजे तांड्याचा मुख्य. जमनाचा म्हातारा बाप कुरुंद्याहून आला होता. तिचा हात हळदीच्या लेपात बांधलेला, चेहरा सुजून डोळे बारीक झालेले. प्रश्न एकच होता, आणि तो थावरा नायकानं आधीच मांडून ठेवला. नवऱ्यानं विनाकारण हात मोडला असेल तर बाई पोर घेऊन माहेरी जाईल आणि नवऱ्याला पाया पडून आणावं लागेल. पण बाईनं जित्या नवऱ्याच्या पागोट्याला कात्री लावली असेल, तर तिनं त्याचं मरण मागितलं. मग दूध तुटलेलं पोर बापाचं, आणि बाईनं एकटीनं जायचं. बबलू माझ्या कडेवर होता. तो आईकडे झेपावत होता आणि मी त्याला धरून होते.

नायक आधी माझ्याकडे बघून म्हणाला, "शाब्बास पोरी. मर्दाचं काळीज हाय तुझं." बापये हसले. माझी मान खाली गेली. मग त्यानं आवाज बदलला. "आता बराबर सांगा. पागोटं कोनी कापलं?"

याडीनं मागून माझ्या दंडात नखं रुतवली. तिला कधी कळलं होतं, कसं कळलं होतं, मला माहीत नाही, आयांना कळतं. जमनानं माझ्याकडे बघितलं. उंबऱ्यावर बघितलं होतं तसं घाबरून नाही. ती थांबली. पुरेसा वेळ थांबली. तिनं मला बोलायला जागा दिली होती, एवढी मोठी की तिच्यातून बैलगाडी गेली असती. मी बबलूच्या डोक्यातल्या उवा बघत उभी राहिले.

"म्या कापलं," जमना म्हणाली.

तिच्या बापानं कपाळावर हात मारला. "अगं, काहून? काहून कापलंस?"

"पक्का रंग पाहिजे व्हता."

बापयांत कुजबुज झाली. नायक म्हणाला, चूक दोघांची. बाईनं जावं, पोर बापाकडे राहील. लालसिंगनं हात मोडला म्हणून नसाबाला एक बोकड द्यावा. तेव्हा कुठे जमनाला तिच्या शब्दाची किंमत कळली असावी. तिला वाटलं असेल, मोडका हात बघून तरी पोर देतील. ती उठली आणि नायकाच्या पायांवर पडली. मग लालसिंगच्या पायांवर पडली. ज्या पायांनी तिच्या बरगड्या मोडल्या त्याच पायांवर, मोडक्या हातानं. तो बाजूला झाला. माझ्या पायांशी मात्र ती आली नाही. आली असती तर मी बोलले असते, असं मी वर्षानुवर्षं म्हणत आले. आता पन्नाशी उलटल्यावर तेही खरं वाटत नाही.

बोकड तिथेच, झाडामागे कापला. मान धरायला मला हाक मारली, तर नायकच म्हणाला, तिच्याकडे पोर आहे, दुसऱ्याला बोलवा. दुपारी सळोई शिजली आणि सगळ्या तांड्यानं खाल्ली. मीही खाल्ली. चवीत काही फरक नव्हता.

पण ते नंतर. त्याआधी तिच्या बापानं गोरेगावहून जीप आणली होती, ती माळाच्या खाली उभी होती. जमना चालत निघाली. मागे वळली नाही. वळली असती तर तिला जाता आलं नसतं. बबलूला आधी कळलंच नाही. आई जीपमध्ये चढलेली दिसली तेव्हा कळलं. त्यानं मला लाथा मारल्या, केस ओढले, आणि मग माझ्या निखळलेल्या मनगटाला चावला. दात रुतले, रक्त आलं. बाजूची बाई म्हणाली, "सोड त्याला, जाऊ दे दोन पावलं, रडून गप व्हईल." दोन पावलं सोडलं असतं तर तो जीपपर्यंत पळाला असता आणि तिनं त्याला उचललं असतं, हे मला दिसत होतं. मी सोडलं नाही. जीप सुरू झाली, फुफाटा उठला, पोर माझ्या हातावर दात रोवून किंचाळत राहिलं आणि मी त्याला दोन्ही हातांनी छातीशी आवळून धरलं.

माझं लग्न होईपर्यंत दोन वर्षं तो माझ्याच कुशीत झोपला. आज तो हिंगोलीत स्वतःची गाडी चालवतो, बायकोवर हात उचलत नाही, दर दिवाळीला मला लुगडं आणतो. लहानपणी त्याला सगळ्यांनी सांगितलं, तुझी आई तुला टाकून गेली. त्यानं एकदाच मला विचारलं, "आत्या, खरंच टाकलं का तिनं मला?" तेव्हा तो बारा वर्षांचा होता. मी म्हटलं, "व्हय."